सांहोनचा तह आणि बारागुआचा नकार : क्युबा, १८७८ (प्रकरण अभ्यास)

१० फेब्रुवारी १८७८ रोजी क्युबातल्या बंडखोरांच्या एका समितीने स्पेनशी तह केला आणि दहा वर्षे चाललेले युद्ध कागदावर संपले. पाच आठवड्यांनी, १५ मार्चला, त्याच बंडखोर फौजेतल्या एका सेनानीने, आंतोनिओ मासेओने, स्पॅनिश सरसेनापतीला समोरासमोर सांगितले की हा तह आम्हाला मान्य नाही. मे महिना सरेपर्यंत त्याचेही युद्ध आटोपले होते.

पहिला प्रसंग सांहोनचा तह म्हणून ओळखला जातो आणि दुसरा बारागुआचा निषेध म्हणून. क्युबात पहिल्याकडे शरणागती म्हणून पाहतात, दुसऱ्याकडे अभिमानाने. हा निवाडा अगदी चुकीचा नाही, पण तेवढ्यावर थांबले तर निर्णय कसे झाले हे कळत नाही. तह करणारे आणि नाकारणारे एकाच फौजेतले होते, एकाच उपासमारीतून गेलेले होते. तरी एका महिन्याच्या अंतराने दोघांनी उलट निर्णय घेतले, आणि दोघांकडेही सांगण्यासारखी कारणे होती.

पार्श्वभूमी

१० ऑक्टोबर १८६८ रोजी पूर्व क्युबातल्या मान्सानियो गावाजवळ, ला देमाहाग्वा या आपल्या उसाच्या मळ्यावर, कार्लोस मानुएल दे सेस्पेदेस याने घंटा वाजवून आपल्या गुलामांना गोळा केले, ते मुक्त असल्याचे जाहीर केले आणि स्पेनविरुद्ध बंड पुकारले. सेस्पेदेस पेशाने वकील. पूर्वेकडचे बरेच मळेवाले त्याच्यासारखेच होते: मळा बेताचा, यंत्रे जुनी, डोक्यावर कर्ज आणि वरून स्पेनचे कर. पश्चिमेकडे, हवाना आणि मातान्सासच्या पट्ट्यात, चित्र अगदी वेगळे होते. तिथे वाफेवर चालणारे मोठे साखर कारखाने होते आणि गुलामांचा मोठा भरणाही तिथेच होता. १८६२ च्या शिरगणतीत बेटावर सुमारे ३ लाख ७० हजार गुलाम नोंदले गेले होते. पश्चिमेतल्या मळेवाल्याला स्पेनचा राग असला तरी गुलामांच्या बंडाची भीती त्याहून मोठी होती, म्हणून तो बंडात उतरला नाही.

या एका गोष्टीने पुढचे जवळजवळ सगळे ठरवले. पूर्वेत कितीही गावे जाळली तरी पश्चिमेची साखर जहाजात भरली जात होती आणि तिच्यावरचा महसूल स्पेनच्या तिजोरीत जात होता. युद्ध जिंकायचे तर ते पश्चिमेत न्यायला हवे, हे बंडखोरांच्या सेनानींना कळत होते. मध्ये आडवी होती हुकारो ते मोरोन ही तटबंदी, स्पॅनिश भाषेत ‘त्रोचा’. बेटाच्या एका किनाऱ्यापासून दुसऱ्या किनाऱ्यापर्यंत सुमारे ७० किलोमीटर लांबीची गढ्या, खंदक आणि चौक्यांची रांग.

जानेवारी १८७५ मध्ये माक्सिमो गोमेसने ती ओलांडली. गोमेस मूळचा सांतो दोमिंगोचा; माचेते, म्हणजे उसाचा कोयता, हाती घेऊन घोड्यावरून हल्ला कसा चढवायचा हे क्युबन फौजेला शिकवणारा. त्रोचेपलीकडच्या लास वियास प्रांतात त्याने उसाचे मळे पेटवायला सुरुवात केली. आणखी पश्चिमेला सरकायला त्याला पूर्वेकडून कुमक हवी होती, आणि घोडे अडले ते तिथेच. त्याच वर्षी एप्रिलमध्ये लास तुनासचा सेनानी विसेंते गार्सिया याच्या लोकांनी लागुनास दे बारोना इथे बंडखोरांच्या स्वतःच्याच सरकारविरुद्ध बंड केले. आपला मुलूख सोडून लांब लढायला जायची त्यांची तयारी नव्हती. १८७६ मध्ये लास वियासच्या अधिकाऱ्यांनी गोमेसला सांगून टाकले की बाहेरच्या माणसाचा हुकूम आम्ही मानणार नाही, तुम्ही परत जा. गोमेस परत गेला आणि त्याच्याबरोबर पश्चिमेची मोहीमही संपली.

दुसरे दुखणे राज्यघटनेतच होते. एप्रिल १८६९ मध्ये ग्वाइमारो इथे झालेल्या सभेने घटना केली. हुकूमशाहीच्या धास्तीपोटी सगळा अधिकार प्रतिनिधिगृहाकडे दिला. अध्यक्षाला आणि सरसेनापतीला नेमायचे आणि काढायचे काम गृहाचे. याच गृहाने १८७३ मध्ये सेस्पेदेसला अध्यक्षपदावरून काढले. पुढच्या फेब्रुवारीत डोंगरातल्या सान लोरेन्सो या वस्तीवर, संरक्षणाला कोणी नसताना, स्पॅनिश तुकडीने त्याला गाठून मारले. ज्याने युद्ध सुरू केले त्याला शेवटी एक चौकीदारही मिळाला नाही, हे सैनिकांनी पाहिले होते.

स्पेनच्या बाजूला मात्र १८७६ मध्ये हवा पालटली. मायदेशातले, गादीच्या वारशावरून पेटलेले कार्लिस्ट युद्ध संपले, फौज मोकळी झाली आणि वर्षअखेरीस जनरल आर्सेनिओ मार्तीनेस कांपोस क्युबात उतरला. हा साधा सेनापती नव्हता. डिसेंबर १८७४ मध्ये सागुन्तो इथे राजा आल्फोन्सो बाराव्याच्या नावाने द्वाही फिरवून राजेशाही परत आणणारा तोच. माद्रिदमध्ये त्याच्या शब्दाला वजन होते, आणि त्याने आल्या आल्या जुनी पद्धत बदलली. कैद्यांना गोळ्या घालणे थांबवले. शरण येणाऱ्याला अन्न, थोडे पैसे आणि घरी जाण्याची मोकळीक दिली. जप्त मालमत्ता परत करण्याची भाषा सुरू केली. दहा वर्षे जंगलात कंदमुळांवर काढलेल्या कुटुंबांपर्यंत ही बातमी पोचत होती. माझ्या मते या युद्धातले स्पेनचे सगळ्यात परिणामकारक हत्यार हेच ठरले.

प्रश्न काय होता

ऑक्टोबर १८७७ मध्ये बंडखोर प्रजासत्ताकाचा अध्यक्ष तोमास एस्त्रादा पाल्मा स्पॅनिशांच्या हाती सापडला. त्याच्या जागी पुढे विसेंते गार्सिया आला, म्हणजे ज्याच्या लोकांनी दोन वर्षांपूर्वी सरकारविरुद्ध बंड केले होते तोच सरकारचा प्रमुख झाला. मधल्या कामाग्वेय प्रांतात लढाई जवळपास बंद पडली होती. डिसेंबरमध्ये तिथे स्पॅनिशांशी बोलणी करण्यासाठी एक पट्टा तटस्थ ठरवला गेला.

बोलणी करायला कायद्याची आडकाठी होती. १८७५ मध्ये हंगामी अध्यक्ष असताना हुआन स्पोतोर्नो याने फर्मान काढले होते की स्वातंत्र्याखेरीज दुसऱ्या कोणत्याही पायावर तहाचा निरोप आणणाऱ्याला मृत्युदंड द्यावा. या फर्मानाखाली माणसे खरोखर मेली होती. आता बोलणी करायची तर आधी ते मागे घ्यावे लागले. प्रतिनिधिगृहाला तर स्वातंत्र्य सोडून तह करण्याचा अधिकारच नव्हता. मग पळवाट निघाली. ८ फेब्रुवारी १८७८ रोजी गृहाने स्वतःला विसर्जित केले आणि ‘मध्य विभागाची समिती’ नावाची नवी मंडळी उभी राहिली. फर्मान काढणारा स्पोतोर्नो या समितीत होता. दोन दिवसांत तह झाला.

तहाची कलमे थोडकी. क्युबाला स्पेनच्याच ताब्यातल्या प्वेर्तो रिको बेटासारखीच राजकीय आणि प्रशासकीय व्यवस्था मिळेल. १८६८ पासूनच्या राजकीय गुन्ह्यांना माफी. बंडखोरांच्या रांगेत त्या दिवशी असलेले गुलाम आणि करारावर आणलेले चिनी मजूर मुक्त. ज्याला बेट सोडायचे असेल त्याला साधने पुरवली जातील. स्वातंत्र्याचा उल्लेख नाही. बेटावरच्या इतर गुलामांचा उल्लेख नाही. प्वेर्तो रिकोत गुलामगिरी १८७३ मध्येच रद्द झाली होती, त्यामुळे ‘प्वेर्तो रिकोसारखे’ हे शब्द ऐकणाऱ्याला भरघोस वाटले असतील. पण गुलामांच्या बाबतीत क्युबाला ती बरोबरी मिळणार नव्हती, आणि राजकीय हक्क म्हणावेत तर प्वेर्तो रिकोलाच त्या काळी फारसे नव्हते.

पूर्वेकडे, ओरिएंते प्रांतात, परिस्थिती उलटी होती. तिथे आंतोनिओ मासेओ लढत होता आणि जिंकत होता. तहाच्या आदल्या आठवडाभरात त्याने आधी यानादा दे हुआन मुलातो इथे एक स्पॅनिश तुकडी मोडली आणि लगेच सान उल्पियानोजवळ सान किन्तिन पलटणीला तीन दिवस झोडपले. तह झाल्याचे त्याला आठवड्याने समजले, आणि सांगायला आला खुद्द गोमेस.

मासेओ तेव्हा ३२ वर्षांचा होता. सान्तियागोजवळच्या मिश्रवर्णीय, गुलाम नसलेल्या शेतकरी घरातला. खेचरांवरून माल वाहून नेण्याचे काम करणारा. युद्ध सुरू झाल्यावर दोन दिवसांत साधा शिपाई म्हणून भरती झाला आणि सेनानीपदापर्यंत चढला. वडील आणि काही भाऊ युद्धात मारले गेले, स्वतःच्या अंगावर जखमांच्या खुणा. त्याच्याबद्दल आपल्याच छावणीत एक कुजबुज कायम होती, की हा काळ्यांचे राज्य आणू पाहतो. १८७६ च्या मे महिन्यात त्याने अध्यक्षाला पत्र लिहून या बदनामीचा जाब मागितला होता. वर्षभराने विसेंते गार्सियाने सरकारविरुद्धच्या आणखी एका बंडात सामील व्हायला बोलावले तेव्हा त्याने शिस्तभंगाचे कारण देऊन साफ नकार दिला. म्हणजे फेब्रुवारी १८७८ मध्ये तह नाकारायला निघालेला माणूस तोवर फौजेतल्या सगळ्यात शिस्तप्रिय अधिकाऱ्यांपैकी एक होता.

त्याच्यापुढचा प्रश्न असा: अधिकार कोणाकडे आहे? गृह विसर्जित झाले, अध्यक्ष नावापुरता उरला आणि एका प्रांताच्या समितीने सगळ्यांच्या वतीने सही केली. ओरिएंतेला कोणी विचारले नव्हते.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय तह मान्य करण्याचा. याच्या बाजूने बरेच बोलता येते. पैसा, काडतुसे, औषधे बाहेरून येणे जवळपास थांबले होते. न्यूयॉर्कमधले स्थलांतरित आपसांत भांडत होते. अमेरिकेच्या सरकारने दहा वर्षांत बंडखोरांना युद्धमान पक्ष म्हणून मान्यता दिली नव्हती. शेजारचा कामाग्वेय बसला की स्पेनची सगळी फौज ओरिएंतेवर लोटणार, हे उघड होते. मासेओच्या माणसांपैकी जे गुलाम होते ते तहाने मुक्त होणारच होते. थोडक्यात, त्याच्या स्वतःच्या शिपायांना हव्या असलेल्या दोन गोष्टींपैकी एक पदरात पडत होती. ती फक्त त्यांच्यापुरती होती.

दुसरा पर्याय गोमेसचा. सही करायची नाही, विरोधही करायचा नाही, जमैकाला निघून जायचे. गोमेसने पश्चिमेची मोहीम आपल्याच लोकांनी बुडवलेली पाहिली होती. फौज उरलेली नाही असे त्याचे मत होते, आणि क्युबन राजकारणात परक्याने लुडबूड करू नये हा अनुभव त्याने महागात घेतला होता. मासेओने त्याला थांबवले नाही. कुटुंबाला जमैकाला नेण्यात मात्र त्याने गोमेसची मदत मागितली. यावरून मासेओचा निकाल काय होता तेही कळते: मुलेमाणसे सुरक्षित, मागे आपण.

तिसरा पर्याय काही अधिकाऱ्यांच्या डोक्यात शिजत होता. मासेओने मार्तीनेस कांपोसला भेटीला बोलावल्याचे कळल्यावर त्यांनी बेत केला की भेटीच्या जागी दबा धरून सरसेनापतीलाच पकडावे किंवा मारावे. ही कुणकुण फ्लोर क्रोंबेत या बंडखोर अधिकाऱ्याने मासेओला कळवली. मासेओने उलट टपाली संताप व्यक्त केला: अब्रू घालवून मिळणारे स्वातंत्र्य मला नको. हा पर्याय नाकारणे सोपे होते असे आज वाटते, पण तेव्हा तो हिशेबाने अगदीच वेडा नव्हता. मार्तीनेस कांपोस गेला असता तर स्पेनचे सामोपचाराचे धोरण त्याच्याबरोबर गेले असते आणि युद्ध पुन्हा पेटले असते. मात्र त्याबरोबर स्पॅनिश वर्तमानपत्रे जे दहा वर्षे लिहीत होती, की हे काळ्या लुटारूंचे बंड आहे, ते खरे ठरले असते. मासेओला ते परवडणारे नव्हते, कारण त्याच्या रंगावरून त्याचे हेतू ठरवले जात होते.

चौथा पर्याय त्याने उचलला. शत्रूशी बोलायचे, तेही तहावर वाटाघाटी करण्यासाठी नव्हे. स्वातंत्र्याशिवायच्या शांततेतून क्युबाला काय मिळणार, हे विचारायचे. दरम्यान वेळ काढायचा, विखुरलेल्या तुकड्या गोळा करायच्या, नवे सरकार उभारायचे. वेळ काढणे हा त्यातला मुख्य हेतू होता असेच बहुतेक अभ्यासक मानतात.

काय केले

१५ मार्च १८७८. जागा मांगोस दे बारागुआ, आंब्याची झाडी. मार्तीनेस कांपोस मोजके अधिकारी घेऊन आला. मासेओ इतका तरुण असेल असे त्याला वाटले नव्हते, आणि त्याने ते बोलूनही दाखवले. माणसे झाडांखाली बसली. सरसेनापतीने सुरुवात सौजन्याने केली: एवढ्या शौर्यानंतर आता देशाच्या उभारणीला लागायला हवे, वगैरे. बंडखोरांच्या बाजूने मानुएल कालवार याने सांगितले की ओरिएंतेची मंडळी या तहाशी सहमत नाहीत, कारण त्यातून ज्यासाठी दहा वर्षे लढलो ते काहीच मिळत नाही.

मग मागणी काय, असे विचारल्यावर उत्तर आले: स्वातंत्र्य. ते देता येत नसेल तर निदान गुलामगिरी रद्द करा. मार्तीनेस कांपोस म्हणाला, यांपैकी काहीच माझ्या हातात नाही. स्वातंत्र्यासाठीच बोलवायचे आहे हे ठाऊक असते तर मी आलो नसतो. त्याने तहाचा कागद वाचून दाखवायला काढला. मासेओने त्याला थांबवले: तो कागद ठेवा, आम्हाला त्याच्याशी देणेघेणे नाही.

‘म्हणजे आपले जमत नाही?’

‘नाही, आपले जमत नाही.’

पुढचे बोलणे फक्त तारखेचे. लढाई पुन्हा सुरू करायला किती दिवस हवेत? आठ दिवस ठरले, २३ मार्च. सरसेनापती घोड्यावर बसून गेला. बंडखोरांतल्या एका कॅप्टनने आपल्या माणसांना ओरडून सांगितले की २३ तारखेला कोरोहो फुटणार. कोरोहो हे तिकडच्या ताडाचे टणक कवचाचे फळ.

त्यानंतर लगेच सभा बसली आणि एक छोटी राज्यघटना तयार झाली. ग्वाइमारोच्या अनुभवातून शहाणपण आलेले दिसते: मोठे गृह नाही, चार जणांचे सरकार. स्वातंत्र्याच्या पायावर तह करण्याचा अधिकार या सरकारला दिला. दुसऱ्या पायावर करायचा तर लोकांच्या संमतीशिवाय नाही. मध्य विभागाच्या समितीने केलेल्या चुकीला दिलेले हे थेट उत्तर होते. अध्यक्ष कालवार, सरसेनापती विसेंते गार्सिया. मासेओने स्वतःकडे ओरिएंतेची फौज ठेवली आणि दुय्यम जागा घेतली. गार्सियाने मागे काय काय केले होते हे माहीत असूनही. गोऱ्या माणसाला पुढे करून एकी दाखवायची गरज होती, आणि मासेओने ती ओळखली. यात उदारपणा किती आणि हिशेब किती, हे सांगणे अवघड आहे.

२३ मार्चला युद्ध सुरू झाले खरे, पण समोरची बाजू लढायलाच तयार नव्हती. मार्तीनेस कांपोसने हुकूम दिले होते की होता होईतो गोळीबाराला गोळीबाराने उत्तर देऊ नका. बंडखोरांनी गोळ्या झाडल्या की स्पॅनिश शिपाई पांढरी निशाणे दाखवत, ‘शांतता चिरायू होवो’ असे ओरडत. यातून सैनिकांचे धैर्य जितक्या वेगाने खचले तितके कोणत्याही पराभवाने खचले नसते. रोज थोडेथोडे लोक निघून जाऊ लागले. स्पॅनिश फौज मात्र स्वस्थ नव्हती. ती मोठ्या संख्येने ओरिएंतेत येत राहिली आणि वाटा रोखत राहिली.

मेच्या सुरुवातीला सरकारने ठरवले की मासेओला बाहेर पाठवायचे, मदत गोळा करायला. यामागे आणखी एक उद्देश असावा: तो हाती लागता कामा नये. मासेओ स्पॅनिश जहाजातूनच जमैकाला गेला. तिथे आणि नंतर न्यूयॉर्कला त्याने सभा घेतल्या. टाळ्या मिळाल्या. माणसे आणि पैसा मात्र नाममात्र. तो परतण्याआधीच, मेच्या अखेरीस, हंगामी सरकारने शस्त्रे खाली ठेवली.

निष्पत्ती

लष्करी दृष्टीने पाहिले तर बारागुआने युद्ध जेमतेम दहा आठवडे लांबवले. एकही मोठे ठाणे हाती आले नाही.

गुलामांच्या बाबतीत जे घडले ते तह करणाऱ्या दोघाही पक्षांच्या अंदाजाबाहेरचे होते. तहाने सुमारे १६ हजार जण मुक्त झाले. आता अशी स्थिती झाली की जो मालकाला सोडून बंडात गेला तो मोकळा, आणि जो इमानाने मळ्यावर राबत राहिला तो गुलाम. १८७९ मध्ये ओरिएंतेतल्या मळ्यांवर गुलामांनी काम करायला नकार दिला. त्यांचे म्हणणे होते की आम्हाला ‘तहवाल्यांसारखे’ स्वातंत्र्य हवे. मळेवाल्यांना मजुरी आणि ठरावीक मुदतीत मुक्तीची कबुली द्यावी लागली. फेब्रुवारी १८८० मध्ये स्पेनने गुलामगिरी कागदावर रद्द केली. तिच्या जागी आठ वर्षांची ‘पात्रोनातो’ नावाची पालकत्वाची पद्धत आणली, म्हणजे नाव बदललेली वेठबिगारीच. तीही मुदतीपूर्वीच, ७ ऑक्टोबर १८८६ रोजी, मोडीत काढावी लागली. ज्या कलमाला मासेओने अपुरे म्हणून नाकारले, त्याच्याच फटीतून ही व्यवस्था उसवत गेली. तह करणाऱ्यांना याचे थोडे श्रेय द्यायला हवे, त्यांनी ते ठरवून केलेले नसले तरी.

राजकारणात १८७८ नंतर पक्ष निघाले, वृत्तपत्रांना काही मोकळीक मिळाली, आणि स्वायत्ततावाद्यांनी माद्रिदच्या संसदेत भाषणे केली. युद्धाचे कर्ज मात्र क्युबाच्याच माथी मारले गेले. सुधारणांची आश्वासने वर्षानुवर्षे लोंबकळत राहिली.

मासेओच्या वाट्याला काय आले? ऑगस्ट १८७९ मध्ये कालिक्स्तो गार्सिया या दुसऱ्या बंडखोर सेनानीच्या पुढाकाराने पुन्हा बंड झाले, ते ‘छोटे युद्ध’ म्हणून ओळखले जाते. त्यात मासेओला पुढे धाडले नाही. स्पेनचा वर्णयुद्धाचा प्रचार खरा वाटू नये म्हणून दुसरा, गोरा सेनानी पाठवला. बारागुआत एकीसाठी दुय्यम जागा घेतलेल्या माणसाला दीड वर्षाने एकीच्याच नावाने घरी बसवले गेले. ते बंड वर्षभरात विझले.

बारागुआची किंमत पुढे कळली. १८९५ मध्ये स्वातंत्र्यचळवळीचा नेता होसे मार्ती याने नवे युद्ध उभारले तेव्हा त्याला नव्याने सिद्ध करावे लागले नाही की क्युबाची फौज शरण गेली नव्हती. एका भागाने तरी तह नाकारल्याची नोंद होती, आणि ती नोंद करणारा माणूस अजून जिवंत होता. २२ ऑक्टोबर १८९५ रोजी मासेओ पश्चिमेच्या मोहिमेवर निघाला तो मांगोस दे बारागुआ इथूनच. तीन महिन्यांनी, २२ जानेवारी १८९६ ला, तो बेटाच्या पश्चिम टोकाजवळच्या मान्तुआ गावात पोचला होता. १८७५ ला गोमेसला जे जमू दिले गेले नाही ते या वेळी झाले, आणि गोमेस सरसेनापती म्हणून त्याच मोहिमेत होता.

वेगळे काय करता आले असते

बंडखोरांच्या बाजूने खरा निर्णयबिंदू १८७८ चा नाहीच, असे मला वाटते. तो १८७५-७६ चा. गोमेसला कुमक मिळाली असती आणि मातान्सासचे मळे पेटले असते, तर मार्तीनेस कांपोसला तहाची बोलणी वेगळ्या पायावर करावी लागली असती. कुमक का मिळाली नाही याचे उत्तर ग्वाइमारोच्या घटनेत शोधण्याची पद्धत आहे, पण घटनेवर सगळे ढकलणे मला पटत नाही. सरसेनापतीला पूर्ण अधिकार दिले असते तरी लास तुनासचा शिपाई लास वियासला गेला असता का? त्याला आपले शिवार ठाऊक होते, ‘क्युबा’ अजून घडायची होती. यावर उपाय होता तो एकच, वेगवेगळ्या प्रांतांच्या लोकांना मिसळून तुकड्या उभारणे. तो कोणीही नेटाने करून पाहिला नाही.

सांहोनच्या समितीपुरते बोलायचे तर त्यांची मोठी चूक घाई ही होती. तटस्थ पट्टा आधीच पदरात होता. तो वापरून ओरिएंतेशी आणि लास वियासशी आधी सल्लामसलत करता आली असती. मग तह झाला असता तरी तो सगळ्यांचा झाला असता, किंवा निदान सगळ्या गुलामांच्या मुक्तीची अट एकमुखाने घालता आली असती. स्पेनलाही शांततेची निकड होती. खर्चाने माद्रिद वाकले होते. समितीने ही निकड मोजलीच नाही.

मासेओच्या बाजूने एक शंका उरते. बारागुआत त्याने स्वातंत्र्य आणि गुलामांची मुक्ती या दोन मागण्या एकाच दमात मांडल्या. पहिलीवर मार्तीनेस कांपोस कधीच हलला नसता. दुसरीवर कदाचित हलला असता. फक्त दुसरी घेऊन, लेखी, मुदत घालून बोलणी लांबवली असती तर? याला उत्तर असे देता येते की मग निषेधाला निषेध म्हणून अर्थ उरला नसता, आणि अर्धी मागणी घेऊन शस्त्रे ठेवण्यात सांहोनपेक्षा वेगळे ते काय. ही बाजू मला जड वाटते, पण शंका पूर्णपणे जात नाही.

स्पेनच्या बाजूची संधी सगळ्यात मोठी होती आणि ती सगळ्यात वाईट रीतीने वाया गेली. मार्तीनेस कांपोस मार्च १८७९ मध्ये स्पेनचा पंतप्रधान झाला. आपण क्युबात काय कबूल केले आहे हे त्याच्याइतके कोणाला माहीत नव्हते. गुलामांची मुक्ती आणि क्युबन साखरेवरच्या जकातीत सवलत या दोन गोष्टी त्याला मार्गी लावायच्या होत्या. स्वतःच्याच पक्षातल्या विरोधापुढे त्याचे चालले नाही आणि डिसेंबरमध्ये त्याने राजीनामा दिला. १८८० चा कायदा त्याच्यामागून कानोव्हास देल कास्तियोच्या सरकारने केला, आठ वर्षांच्या पालकत्वासकट.

१८९५ चे युद्ध पेटल्यावर माद्रिदने पुन्हा मार्तीनेस कांपोसलाच क्युबात धाडले. सामोपचाराचे जुने हत्यार या वेळी चालले नाही. १३ जुलैला पेरालेहोच्या लढाईत मासेओने त्याला बायामोपर्यंत रेटले. त्याच महिन्यात मार्तीनेस कांपोसने पंतप्रधान कानोव्हासला लिहिले की गावकऱ्यांना घरादारातून उठवून छावण्यांत कोंडल्याशिवाय हे बंड मोडणार नाही, ते काम माझ्या हातून होणार नाही, आणि ते करू शकेल असा माणूस म्हणजे जनरल वेयलर. फेब्रुवारी १८९६ मध्ये वालेरियानो वेयलर हवानात उतरला आणि त्याच महिन्यात गावकऱ्यांना छावण्यांत कोंडण्याचे पहिले हुकूम निघाले.